ॲव्होकाडो डिप घरून विकायचंय? चव जमते, हिशेब इथे चुकतो



घरगुती डिप, चटण्या आणि स्प्रेडचा व्यवसाय सुरू करायचा म्हटलं की हल्ली ॲव्होकाडो डिपचं नाव हमखास निघतं. जिमला जाणारी मंडळी, सिडको-निराला बाजारकडचे कॅफे, घरगुती पार्ट्या, सगळीकडे विचारणा होते. बनवायला गॅसही लागत नाही. मग अडचण कुठे आहे?

अडचण अशी की हा एका दिवसाचा माल आहे. लोणच्यासारखा बरणीत बसून राहत नाही. म्हणून यात पैसा रेसिपीत कमी आणि वेळेच्या नियोजनात जास्त आहे. आज आपण फळापासून डबीच्या किमतीपर्यंत सगळं क्रमाने बघू.

हे डिप म्हणजे नेमकं काय?

याचं मूळ नाव ग्वाकामोले, आणि ते मेक्सिकोचं. तिथल्या जुन्या नाहुआत्ल भाषेत आवाकात्ल म्हणजे ॲव्होकाडो आणि मोल्ली म्हणजे वाटलेलं कालवण किंवा चटणी. थोडक्यात, ॲव्होकाडोची चटणी! तिकडे ती मोल्काहेते नावाच्या दगडी खलात वाटतात. तो खल ज्वालामुखीच्या काळ्या दगडाचा असतो. आपला पाटाही तसाच काळ्या दगडाचा, आणि आपली वेरूळची लेणीही त्याच जातीच्या दगडात कोरलेली. त्यामुळे पहिल्यांदाच घेणाऱ्या ग्राहकाला ‘ही ॲव्होकाडोची चटणी आहे, भाकरीबरोबर खाऊन बघा’ असं सांगितलं की त्याला ते लगेच कळतं.

फळ घेताना

आपल्याकडे साधारण दोन प्रकारची फळं येतात. एक हास जातीचं: जाड, खरखरीत सालीचं, पिकलं की जांभळट काळं होणारं. हे बहुतेक आयात केलेलं असतं, टांझानियासारख्या देशांतून येतं. दुसरं दक्षिणेतलं, म्हणजे कोडगू, वायनाड, निलगिरी भागातलं. याला बटर फ्रूटही म्हणतात. आकाराने मोठं, साल गुळगुळीत, आणि यातली बरीच फळं पिकल्यावरही हिरवीच राहतात. म्हणून रंगावर जाऊ नका. फळ तळहातात धरून हलकेच दाबा. किंचित दबलं तर तयार, दगडासारखं लागलं तर कच्चं, बोट रुतलं तर हातचं गेलं.

एक गोष्ट लक्षात ठेवा. ॲव्होकाडो झाडावर पिकत नाही, तोडल्यावरच पिकतो. हा गुण आपल्या कामाचा आहे, कारण पिकण्याचा वेग आपण थोडाफार हातात ठेवू शकतो:

- लवकर पिकवायचं असेल तर कागदी पिशवीत एका पिकल्या केळ्याबरोबर ठेवा. केळ्यातून निघणाऱ्या इथिलीन वायूने फळ लवकर तयार होतं.
- फळ तयार झालं की फ्रिजमध्ये टाका. पिकणं मंदावतं आणि दोन-तीन दिवस हातात मिळतात.
- कच्चं फळ थेट फ्रिजमध्ये ठेवू नका, नीट पिकत नाही.
- आपल्याकडे एप्रिल-मेमध्ये पारा चाळिशी ओलांडतो. अशा उष्णतेत फळ कुठे मऊ, कुठे कडक असं पिकतं. घरातली सगळ्यात थंड, सावलीची जागा निवडा.

जाधववाडीच्या बाजार समितीत आणि शहरातल्या मोठ्या फळवाल्यांकडे पेटीचा भाव विचारा. पण सुरुवातीला पेटीच्या मोहात पडू नका. सगळी फळं एकाच दिवशी पिकली तर स्वस्तात घेतलेली पेटीच महागात पडते.

रेसिपी: साधारण 700 ग्रॅम

- ॲव्होकाडोचा गर 550 ग्रॅम
- पांढरा कांदा 50 ग्रॅम, बारीक चिरून पाण्यातून काढलेला
- टोमॅटो 50 ग्रॅम, बिया आणि पाणी काढून
- लिंबाचा रस 2 मोठे चमचे
- कोथिंबीर मूठभर
- हिरव्या मिरच्या 2, तव्यावर भाजलेल्या
- मीठ 1 छोटा चमचा, भाजलेल्या जिऱ्याची पूड पाव चमचा

फळ कापण्याआधी वाहत्या पाण्याखाली चोळून धुवा. साल खायची नाही हे खरं, पण सालीवरची घाण सुरीबरोबर गरात जाते.

आधी मिरची, कोथिंबीर, मीठ आणि निम्मा कांदा खलबत्त्यात ठेचून घ्या. डिपची खरी चव इथे तयार होते, कारण ठेचल्यावर रस सुटतो आणि तो गरात सगळीकडे मुरतो. मग गर आणि लिंबाचा रस घालून काट्याने दाबा. थोड्या गाठी राहू द्या. शेवटी टोमॅटो, उरलेला कांदा आणि जिरेपूड घालून हलक्या हाताने कालवा.

मिक्सर वापरू नका. त्याने गर चिकट होतो, शिवाय आत हवा भरली जाते. आणि हवा हीच आपली खरी वैरी आहे. ती कशी, ते बघू.

काळं का पडतं, आणि त्यावर उपाय काय?

गर चिरला की त्यातलं एक विकर हवेतल्या ऑक्सिजनच्या मदतीने गरातल्या काही घटकांना तपकिरी करतं. कापलेलं सफरचंद किंवा वांगं काळं पडतं, तोच प्रकार. लिंबाच्या आंबटपणाने हे काम मंदावतं, थांबत मात्र नाही. म्हणून हवा तोडा. डबी काठोकाठ भरा, चमच्याने दाबून पोकळी काढा, वर प्लास्टिकचा पातळ कागद थेट डिपला चिकटवा आणि मगच झाकण लावा. डिपमध्ये कोय ठेवली की काळं पडत नाही असं सांगतात. प्रत्यक्षात कोयीखालचा तेवढाच भाग हिरवा राहतो.

वरचा तपकिरी थर बहुतेक वेळा फक्त दिसायला वाईट असतो. खरा धोका वेगळा आहे. ॲव्होकाडो हे आंबट फळ नाही, आणि दोन चमचे लिंबाने डिप बाहेर टिकण्याइतकं आंबट होत नाही. त्यात कच्चा कांदा, टोमॅटो, कोथिंबीर. म्हणजे रंग हिरवागार असला तरी माल सुरक्षित आहे असं समजायचं नाही. 5 अंशांखाली ठेवा, फ्रिजबाहेर दोन तासांपेक्षा जास्त नको, आणि भर उन्हाळ्यात एकच तास. वाळूजला डिलिव्हरी असेल तर बर्फाच्या पॅकसह थर्माकोलचा डबा हवाच.

मोठ्या कंपन्यांचं ग्वाकामोले आठवडेच्या आठवडे कसं टिकतं? त्या बंद पाकिटावर प्रचंड दाब देऊन जंतू मारतात. घरी ते शक्य नाही. उकळून टिकवू म्हणाल तर गर कडवट होतो. म्हणून त्यांच्या पाकिटावरची तारीख बघून आपली तारीख ठरवू नका. आपल्या डबीवर ‘आज बनवलं, आजच खा’ लिहायचं. तोच तुमचा ताजेपणाचा दावा.

फळ स्वस्त असताना साठवायचं असेल तर तयार डिप नाही, नुसता गर लिंबाच्या रसासह हवाबंद पिशवीत फ्रीज करा. कांदा-टोमॅटो फ्रीज केले की पाणी सुटतं. ते ऑर्डरच्या दिवशी ताजे घालायचे.

आता हिशेब

खाली घेतलेले भाव फक्त उदाहरणासाठी आहेत, तुम्ही तुमच्या बिलावरचे टाका. समजा ॲव्होकाडो 400 रुपये किलो. बरेच जण म्हणतात, ‘100 ग्रॅमला 40 रुपये पडले, बाकी सगळं धरून 60. 99 ला विकू, चांगला नफा!’

थांबा. साल आणि कोय काढल्यावर किलोतून समजा 650 ग्रॅम गर निघाला. त्यात काळे डाग, जास्त पिकलेला भाग टाकून उरला 550 ग्रॅम. म्हणजे गर 100 ग्रॅमला जवळपास 73 रुपये पडला, 40 नाही! पूर्ण घाणा असा:

- ॲव्होकाडो 1 किलो: 400
- कांदा, टोमॅटो, लिंबू वगैरे: 25
- 7 डब्या आणि लेबल, 8 रुपयांप्रमाणे: 56
- वीज, बर्फ: 20
- तुमची एक तासाची मजुरी: 100
- एकूण: 601 रुपये

100 ग्रॅमच्या 7 डब्या झाल्या, एक डबी साधारण 86 रुपयांना पडली. आता 99 ला विका. सातही गेल्या तर 92 रुपये उरतात. एक जरी डबी राहिली तर 594 रुपये हातात येतात, म्हणजे 7 रुपये तोटा. एका डबीने सगळा नफा खाल्ला, आणि उद्या ती डबी विकता येत नाही.

150 ला विकलं तर सात डब्यांवर 449 उरतात, एक राहिली तरी 299. म्हणून दोन नियम वहीत लिहून ठेवा. किंमत गराच्या वजनावर काढायची, फळाच्या नाही. आणि आधी ऑर्डर, मग खरेदी. शुक्रवारी रात्रीपर्यंत ऑर्डर, शनिवारी सकाळी बनवणं, दुपारपर्यंत पोच, असं एक चक्र ठरवा.

150 जड वाटत असेल तर गरात चक्का मिसळून ‘ॲव्होकाडो-चक्का डिप’ करा. स्वस्त पडतं, चवही छान लागते. पण नावात आणि लेबलवर चक्का लिहायचाच, कारण दूध न चालणारे ग्राहक असतात. गुपचूप मटार वाटून घालणं म्हणजे ग्राहकाला फसवणं.

सोबत ज्वारीच्या भाकरीचे कडक भाजलेले तुकडे द्या. आपल्या मराठवाड्यात ज्वारीला तोटा नाही. तुकडे डिपपेक्षा जास्त दिवस टिकतात, खर्च कमी, आणि बिलही वाढतं.

कागदपत्रं

घरून विकत असलात तरी एफएसएसएआयची नोंदणी लागते, ती फॉसकॉस पोर्टलवर होते. लेबलवर पदार्थाचं नाव, घटक, वजन, बनवल्याची आणि वापराची तारीख, हिरवं शाकाहारी चिन्ह, तुमचं नाव-पत्ता आणि 14 अंकी क्रमांक असू द्या.

या आठवड्याचं काम

फक्त तीन फळं आणा. अख्खं फळ, साल-कोय आणि वापरता येईल असा गर, तिन्ही वजनं लिहा. एक डबी बनवून फ्रिजमध्ये ठेवा आणि 2, 6 आणि 12 तासांनी फोटो काढा. तुमचा गर किती टक्के निघतो आणि डबी किती तास विकण्यासारखी दिसते, हे दोन आकडे हातात आले की मगच किंमत ठरवा आणि पहिली ऑर्डर घ्या.

भेटूया पुढच्या भागात. तोवर वजनकाटा जवळ ठेवा!