पहिला पगार दीड महिन्याने, मग गिरणगाव जेवायचं कुणाच्या जिवावर?

ऑगस्ट २०२५ मध्ये वरळीच्या बीडीडी चाळीतल्या ५५६ कुटुंबांना ५०० चौरस फुटांच्या घरांच्या चाव्या मिळाल्या. आधीची खोली होती १६० चौरस फुटांची. पण दुसऱ्या महायुद्धाआधीच्या गिरणगावात तेवढ्या खोलीत एकच कुटुंब राहत असेल, तर ते नशीबवान.

तेव्हा कोकणातून, घाटावरून आलेले बहुतेक कामगार बायकामुलांना गावीच ठेवायचे. एका गावची माणसं मिळून एक खोली घ्यायची. हा झाला गाळा. एकेका गाळ्यात वीस-वीस जण. मावायचे कसे? काही पाळीवर, काही झोपलेले, उरलेल्यांच्या वळकट्या गॅलरीत नाहीतर फुटपाथवर.

जेवायला खानावळ. म्हणजे हॉटेल नव्हे बरं का! चाळीतलीच एखादी बाई आपल्या चुलीवर दहा-पंधरा जणांचं रांधायची आणि हिशोब महिन्याने घ्यायची.

महिन्याने का, तर खरी मेख पगारात होती. एका महिन्याचा पगार पुढच्या महिन्याच्या १० ते १५ तारखेच्या सुमारास व्हायचा. नव्या माणसाचे पहिले सहा आठवडे कोरडेच. तोवर वाण्याची उधारी आणि खानावळवालीचा विश्वास. रोकड लागली तर पठाण सावकार. व्याज रुपयाला महिना एक आणा. ऐकायला किरकोळ, पण रुपयात १६ आणे, म्हणजे वर्षाला ७५ टक्के! पगार महिना संपल्यावर ७ ते १० दिवसांत द्यायची सक्ती आली ती १९३६ च्या कायद्याने.

याच उधारीवर संपही तगायचे. १९२८ मध्ये सुमारे दीड लाख गिरणी कामगार सहा महिने संपावर होते. बरेच गावी गेले. मागे राहिलेल्यांची चूल वाणी आणि खानावळवाली किती थांबतात यावर होती.

त्याच काळात मुंबईच्या कापडाला टक्कर देणाऱ्या जपानच्या सूतगिरण्यांत बहुतांश तरुण मुली होत्या. राहणं-जेवण कंपनीच्या वसतिगृहात आणि बाहेर पडायलाही परवानगी. तिथे उधारी देणारा शेजार नव्हता, मग सहा महिन्यांचा संप कुठून होणार?

गिरणगावाला उधार जेवू घालणाऱ्या या बायकांना स्वतःला मात्र बँक दारात उभी करत नव्हती. त्यांना कर्ज मिळवून देण्यासाठी प्रेमाताई पुरव यांनी अन्नपूर्णा महिला मंडळ सुरू केलं, तेव्हा साल होतं १९७५.