खांदा किती अंश वळतो?

वाचकहो, चाळीच्या गॅलरीत कपडे वाळत घालताना काठी वर सरकवणारा हात अर्ध्यावर थांबला, की ‘वय झाले’ म्हणून आपण गप्प बसता. दवाखान्यात येता ते बहुधा तीन-चार महिन्यांनी, आणि सांगता ते केवळ दुखण्याविषयी. हात किती वर जातो, हे क्वचितच कोणी सांगते. आम्हा डॉक्टरांनाही ते मोजल्यावाचून कळत नाही, हे मी स्वतःच्या चुकीतून शिकलो.

पुष्कळ वर्षांपूर्वी गिरगावातल्या साठीच्या एक बाई उजवा खांदा दुखतो म्हणून आल्या. ‘हात वर करा’ म्हणताच त्यांनी केला. मी ‘हालचाल ठीक’ असे लिहून वेदनाशामक गोळ्या दिल्या. हात नेताना त्यांनी कंबर मागे वाकवली होती आणि खांदा कानाकडे उचलला होता. ते मी पाहिले, पण त्याचा अर्थ लावला नाही. तीन महिन्यांनी त्या परत आल्या, तेव्हा त्यांना अंबाडाही घालता येत नव्हता. कोपर कुशीला टेकवून पंजा बाहेरच्या बाजूस वळवून पाहिला, तर तो जेमतेम ५ अंश वळला. रक्त तपासले, तर मधुमेह निघाला. तोवर त्याचा कोणाला पत्ताही नव्हता.

माझी फसगत का झाली, ते सांगतो. हात मांडीपासून कानापर्यंत नेणे हा १८० अंशांचा प्रवास. त्यातले सुमारे १२० अंश खांद्याच्या खऱ्या सांध्यात घडतात; उरलेले ६० पाठीवरचे फऱ्याचे हाड बरगड्यांवरून सरकल्याने मिळतात. सांधा आखडला की फरा आणि कंबर त्याची उणीव झाकतात. म्हणून नीट तपासणारा डॉक्टर एका हाताने फरा दाबून धरतो. मग गोनिओमीटर लावतो. कंपासपेटीतल्या कोनमापकाला दोन लांब पट्ट्या जोडाव्यात, तसे हे साधे साधन असते. मध्य सांध्यावर, एक पट्टी धडाच्या रेषेत, दुसरी दंडाच्या रेषेत.

मोजमाप दोनदा होते: आधी आपण स्वतः हात हलवायचा, मग तो सैल सोडायचा आणि डॉक्टरांनी हलवायचा. आपल्याला उचलता येत नाही, पण डॉक्टरांच्या हाताने सहज वर जातो, तर दोष बहुधा स्नायूंच्या दोऱ्यांत किंवा नसांत असतो. दोन्ही वेळा एकाच जागी अडतो, तर सांधाच आखडलेला. यालाच ‘फ्रोझन शोल्डर’ म्हणतात; बॉस्टनचे शल्यचिकित्सक अर्नेस्ट कॉडमन यांनी १९३४ साली हे नाव रूढ केले. त्यात पंजा बाहेर वळणे सर्वांत आधी जाते. मधुमेही व्यक्तींत हा विकार अधिक आढळतो. तेव्हा खांदा आखडला असेल, तर साखर तपासून घ्याच.

‘बरे वाटते का?’ या प्रश्नाचे उत्तर त्या दिवशीच्या झोपेवरही अवलंबून असते. आकडा तसा नसतो. अर्थात मोजणारा बदलला की पाच-दहा अंशांचा फरक पडू शकतो. त्यामुळे शक्यतो एकाच व्यक्तीकडून, एकाच स्थितीत, दोन्ही खांदे मोजून घ्या आणि आकडे कागदावर मागून घ्या. परळ-दादरच्या रहिवाशांना याची सोय दूर नाही. पोलिओच्या साथींच्या काळात, १९५० च्या दशकाच्या आरंभी, भौतिकोपचार शिकवणारी देशातली पहिली शाळा परळच्या केईएम रुग्णालयातच निघाली. हाजीअलीची अखिल भारतीय भौतिक चिकित्सा व पुनर्वसन संस्था १९५५ सालची.

घरीही एक खूण ठेवता येते. मुलांची उंची आपण दाराच्या चौकटीवर पेन्सिलीने नोंदवतो ना, तशीच. भिंतीला पाठ टेकवून उभे राहा, कंबर न वाकवता हात समोरून वर न्या, बोटे पोचतात तिथे जवळच्या माणसाने तारखेसह रेघ ओढावी. पंधरवड्यातून एकदा पुरे. रोज मोजून जीव टांगणीला लावू नये. तोल जात असेल तर खुर्चीत बसून करा, आणि दुखेल त्यापुढे रेटू नका.

शुश्रूषा करणाऱ्यांना एक कळकळीची विनंती. आजोबांना पलंगावरून उठवताना हाताला किंवा काखेत धरून ओढू नका. अर्धांगवायूने हात लुळा पडला असेल, तर अशा एका हिसक्याने सांधा जागचा सरकतो. पाठीला आधार द्या. सदरा घालताना आधी दुखरा हात, काढताना शेवटी.

पडल्यावर हात उचलेना, किंवा खांदा लाल होऊन ताप आला, तर त्याच दिवशी डॉक्टरांकडे जा. खांद्यासोबत छातीत दडपण, घाम वा धाप असेल, तर कोन मोजत बसू नका. थेट रुग्णालय गाठा.

त्या बाईंचे आकडे माझ्या वहीत आहेत: पहिल्या दिवशी ५, तीन महिन्यांनी २०, वर्षाअखेरीस ४५. निरोगी खांद्याचा ६० होता. अंबाडा त्या पुन्हा घालू लागल्या; काठी मात्र आता सूनबाई सरकवते, असे त्या हसून सांगत.