‘हॉटेल’ची पाटी आणि राहायची खोली

कल्याणहून माळशेजकडे निघालं, टोकावडं मागे पडलं की वैशाखरे येतं. नाणेघाट चढायला निघालेल्यांची एसटीतून उतरायची वेळ इथेच जवळ येते. रस्त्याच्या कडेला ‘हॉटेल’ अशी पाटी, आत चार बाकडी, काचेच्या कपाटात भजी, बाहेर कढईत वडे आणि गल्ल्यावर मालक. पाठीवर सॅक लावून आलेल्या पोरांपैकी एखादा विचारतोच, ‘‘रूम मिळेल का?’’ मालक झाऱ्याने वडा उलटता उलटता सांगतो, ‘‘रूम नाही भाऊ, मिसळ आहे. राहायचं तर माळशेजला एमटीडीसीचं रिसॉर्ट आहे.’’ मग बाहेर पडताना हळूच शेरा मारला जातो : ह्यांना हॉटेल आणि रेस्टॉरंट यांतला फरकच कळत नाही.

खेडवळ माणसाने इंग्रजी शब्द चुकीचा उचलला, हा गैरसमज तसा जुनाच. ऑक्सफर्डचा विद्यार्थ्यांसाठीचा इंग्रजी शब्दकोश उघडून पाहावा. ‘हॉटेल’ शब्दाखाली ‘राहण्याची जागा’ हा पहिला अर्थ आहे आणि पुढे भारतीय इंग्रजीतला म्हणून ‘रेस्टॉरंट’ हा अर्थही नोंदवलेला आहे. तिथेच ऑस्ट्रेलिया-न्यूझीलंडचा तिसरा अर्थ सापडतो : दारूचा गुत्ता. तिकडे दारू विकण्याचा परवाना हवा तर मुक्कामाच्या खोल्याही ठेवा, अशी सक्ती एके काळी होती. सक्ती गेली, नाव चिकटून राहिलं. केनियात स्वाहिली बोलणारा माणूस ‘होटेली’त जातो तो बहुधा जेवायलाच.

बरं, इंग्रजांनी तरी हा शब्द जपून ठेवला होता का? तो त्यांनी फ्रेंचांकडून घेतला. मूळ लॅटिन, ‘पाहुण्यांची जागा’ अशा अर्थाचा. हॉस्पिटल आणि हॉस्टेल ही त्याचीच भावंडं. पॅरिसमधल्या ‘ओतेल द व्हील’मध्ये कुणी मुक्कामाला जात नाही, ती तिथली महापालिकेची इमारत आहे. आणि ‘ओतेल-द्यू’ हे चक्क रुग्णालय. तेव्हा वैशाखऱ्यातल्या वडेवाल्यावर हसण्याआधी पॅरिसच्या महापौरांवर हसावं लागेल.

‘बोर्डिंग’ची गोष्ट तर आणखी मजेशीर. कोल्हापुरात बोर्डिंग म्हटलं की विद्यार्थ्यांचं वसतिगृह डोळ्यासमोर येतं. शाहू महाराजांनी 1901 साली व्हिक्टोरिया मराठा बोर्डिंग उभं केलं, त्यानंतर जातीजातींची बोर्डिंगं निघाली आणि शब्दाचा अर्थ पक्का झाला : राहायची जागा. उलट माटुंग्याला ए. रामा नायक यांनी 1942 मध्ये उडुपी श्रीकृष्ण बोर्डिंग काढलं. तिथे केळीच्या पानावर पोटभर जेवण मिळतं, खोली मात्र नाही. दोघांपैकी शब्दकोशाला धरून कोण? माटुंगा! इंग्रजीत ‘बोर्ड’ म्हणजे आधी फळी, मग जेवणाचं टेबल आणि त्यावरून जेवण. ‘लॉजिंग-बोर्डिंग’ या जोडीत राहणं लॉजिंगच्या वाट्याला, जेवण बोर्डिंगच्या. यातला एकटा ‘लॉज’ मात्र मराठीत नाहक बदनाम झालाय. इंग्रजीत साधा ‘मुक्कामाचं ठिकाण’ असलेला हा शब्द आपल्याकडे कुणाच्या नावापुढे लागला की ऐकणाऱ्याच्या भुवया वर जातात.

‘परमिट रूम’ या पाटीतही रूम आहे, पण झोपण्याची नाही. 1949 च्या मुंबई दारूबंदी कायद्याने पिणाऱ्यालाही परवाना लागू लागला. परवानाधारकांनी बसून प्यावं अशी जागा ती परमिट रूम.

इथवरचे घोळ निरुपद्रवी. फार तर रूम विचारणाऱ्याची फजिती होते. पण एक गैरसमज दर काही महिन्यांनी व्हॉट्सअॅपवर फिरतो आणि त्यापायी गल्ल्यावर खरी भांडणं होतात. ‘1867 च्या सराई कायद्याच्या कलम 7(2) नुसार कोणत्याही हॉटेलात, अगदी पंचतारांकितसुद्धा, कुणालाही फुकट पाणी आणि शौचालय वापरण्याचा हक्क आहे.’ कलम वाचलं तर त्यात असलं काही नाही. त्या कायद्यात सराई म्हणजे प्रवाशांच्या निवाऱ्याची इमारत. नुसता वडा-चहा विकणारी जागा त्या व्याख्येत बसतच नाही. कलम 7 मध्ये सराईवाल्याची कर्तव्यं दिली आहेत : साथीच्या रोगाचा माणूस आला तर पोलिसांना कळवणं, खोल्या, गटारं, विहिरी साफ ठेवणं, पहारेकरी नेमणं, दरपत्रक लावणं. मग ‘फुकट’ आलं कुठून? दुसऱ्या उपकलमात इंग्रजी ‘फ्री’ आहे खरा, पण तो तपासणीला आलेल्या दंडाधिकाऱ्यासाठी : त्याला आत मोकळेपणाने येऊ द्यावं, एवढंच. ‘मोकळा’चा ‘फुकट’ झाला आणि दंडाधिकाऱ्याच्या जागी जनता आली. वाटेवरच्या माणसाला कुणी तांब्याभर पाणी देतं ते आपल्याकडची रीत म्हणून. त्यासाठी मालकाच्या तोंडावर कलम फेकण्याची गरज नसते.

जीएसटीबाबतही असाच एक समज आहे, की पाटीवर ‘हॉटेल’ लिहिलं की कर जास्त. कर पाटीवर नव्हे, दिलेल्या सेवेवर लागतो. साध्या उपाहारगृहातल्या जेवणावर तो 5 टक्के आहे. 18 टक्क्यांचा दर महागड्या खोल्यांच्या हॉटेलांतल्या रेस्टॉरंटांसाठी. सेवा क्षेत्रात वर्षाची उलाढाल 20 लाखांच्या आत असेल तर सहसा नोंदणीच लागत नाही, आणि नोंदणी नसलेल्याला गिऱ्हाइकाकडून जीएसटी घेता येत नाही. छोट्या व्यावसायिकांसाठीच्या कंपोझिशन योजनेतल्या दुकानदारालाही तो बिलात वेगळा लावता येत नाही, स्वतःच्या खिशातून भरावा लागतो. म्हणून घाटातून उतरल्यावर मिसळीच्या बिलात जीएसटी दिसलाच, तर वरच्या बाजूला अक्षरं-अंक मिळून पंधरा खुणांचा नोंदणी क्रमांक छापलाय का, तेवढं बघावं. नसेल, किंवा दुकान कंपोझिशन योजनेतलं असेल, तर ते पैसे देऊ नयेत, मग पाटीवर ‘हॉटेल’ असो की ‘रेस्टॉरंट’.