दगड, लोखंड आणि आग : येव्गेनी येनेईची कलासृष्टी

पहिल्या महायुद्धात रशियाच्या हाती लागलेल्या ऑस्ट्रिया-हंगेरीच्या लाखो सैनिकांत बुडापेस्टला चित्रकला शिकलेला एक तरुण होता. १८९० साली जन्मलेला हा युद्धकैदी लढाई संपल्यावर मायदेशी परतलाच नाही. येनो हे हंगेरियन नाव मागे पडले आणि रशियात तो येव्गेनी येनेई झाला. पुढे जो लेनफिल्म म्हणून प्रसिद्धीस आला, त्या लेनिनग्राडच्या स्टुडिओत तो १९२० च्या दशकात कला दिग्दर्शक म्हणून दाखल झाला आणि १९७१ साली मृत्यू येईपर्यंत त्याने दुसरे काही केले नाही. सोव्हिएत सिनेमाच्या इतिहासात दिग्दर्शकांची नावे ठळक अक्षरांत येतात, छायाचित्रकारांचीही येतात. येनेईचे नाव मात्र श्रेयनामावलीतच राहून जाते. हे मला अन्यायाचे वाटते, कारण ग्रिगोरी कोझिंत्सेवच्या उत्तम चित्रपटांमधले जग येनेईने उभे केले आहे.

कोझिंत्सेव आणि लिओनिद त्राउबेर्ग या दोघांनी ‘फेक्स’ नावाचा बंडखोर गट चालवला होता. सर्कस, पोस्टर, विदूषकी हे त्यांचे दैवत. कोझिंत्सेव येनेईपेक्षा १५ वर्षांनी लहान. या पोरांच्या धुमाकुळात हा तिशी ओलांडलेला, युद्ध आणि कैद पाहिलेला माणूस कसा सामावला असेल याचे मला कुतूहल वाटते. पण सामावला खरा. गोगोलच्या कथेवरच्या ‘ओव्हरकोट’मध्ये (१९२६) त्याने पीटर्सबर्ग शहरच अकाकी या गरीब कारकुनाच्या अंगावर आणले. बर्फाळ मोकळ्या चौकात अकाकी एवढासा दिसतो आणि पुतळे, कमानी, सावल्या त्याच्यावर वाकून उभ्या असतात. माणूस लहान आणि त्याच्याभोवतीची जागा निर्दय, हा येनेईचा विषय इथेच सापडला. पुढे तो कुठल्याच काळात सुटला नाही.

आंद्रेई मोस्कव्हिन हा छायाचित्रकार त्याचा जोडीदार. कृष्णधवल चित्रपटात कला दिग्दर्शकाला रंग नव्हे, प्रकाश शोषणारे आणि परावर्तित करणारे पृष्ठभाग लागतात. १८७१ च्या पॅरिस कम्यूनवरचा ‘न्यू बॅबिलोन’ (१९२९) पाहावा. कथेच्या मध्यभागी एक भलेमोठे दुकान आहे, मालाने ओसंडून चाललेले. मोस्कव्हिनने पोर्ट्रेटची भिंगे लावून पाठीमागचे सारे धुक्यासारखे विरघळवून टाकले. येनेईने मांडलेली दुनिया डोळ्याला स्पष्ट दिसतच नाही. ती झळाळते, गरगरते, ग्राहकांना गिळते. आपण केलेली वस्तू पुसट व्हावी यासाठीच ती करायची, एवढा विश्वास छायाचित्रकारावर टाकणारे कला दिग्दर्शक फार नसतात.

त्याच वर्षीचा, फ्रिडरिक एर्मलरचा ‘साम्राज्याचा तुकडा’ याच्या अगदी उलटा. युद्धात स्मृती गमावलेला सैनिक शुद्धीवर येऊन आपल्या शहरात परततो, तर तिथे काचेचे आणि काँक्रीटचे उंच मनोरे! लेनिनग्राड म्हणून दाखवलेल्या त्या इमारती खऱ्या आहेत, पण त्या खार्कोव्हच्या नव्याकोऱ्या गोस्प्रोम संकुलाच्या आहेत. एका शहराची इमारत दुसऱ्या शहराच्या कथेत इतक्या बेमालूमपणे बसते की नायकासोबत आपणही दिशाहीन होतो.

१९३० नंतर सरकारी फर्मान बदलले, प्रयोगांना ‘आकारवाद’ म्हणून झोडपले जाऊ लागले. येनेईने माक्सिम या कामगाराच्या कथेवरच्या चित्रपटांसाठी (१९३५ पासून) पीटर्सबर्गच्या कामगार वस्त्यांचे जग उभे केले. युद्धानंतरची वर्षे कलावंतांना कोंडणारी होती; कोझिंत्सेव-त्राउबेर्ग यांचा ‘साधी माणसे’ १९४६ साली बंदीत अडकला आणि १९५६ मध्येच लोकांपुढे आला. ‘पिरोगोव’सारख्या (१९४७) चरित्रपटांत येनेईचे काम नेटके आहे, त्यावर फार रेंगाळण्यासारखे नाही.

मग आले शेवटचे पर्व, आणि वयाच्या सत्तरीत येनेईने आपले सर्वांत मोठे काम केले. ‘डॉन किहोते’मध्ये (१९५७) क्रिमियाची कोरडी जमीन स्पेन झाली, मॉस्कोत परागंदा जीवन जगणारा स्पॅनिश शिल्पकार आल्बेर्तो सांचेझ मदतीला होता. त्यानंतर १९६४ चा ‘हॅम्लेट’. संगीत शोस्ताकोविचचे, पोशाख विर्सालाद्झेचे, भाषांतर पास्तरनाकचे. नार्वा नदीकाठी इवानगोरोदचा किल्ला १४९२ पासून उभा आहे. त्याचा आधार घेऊन एल्सिनोर उभारले गेले. कोझिंत्सेवच्या टिपणांत एक ठाम निर्णय आहे: किल्ल्याचे संपूर्ण दृश्य कधीच दाखवायचे नाही. प्रेक्षकाला फक्त तुकडे मिळतात: एखादी भिंत, जिना, शेकोटी, खिडकीतून दिसणारा समुद्र. त्यामुळे एल्सिनोरला शेवटच नाही असे वाटते. हॅम्लेट घोडा दौडत आत येतो, मागे पूल वर उचलला जातो, लोखंडी जाळीचे दार खाली येते. डेन्मार्क हा तुरुंग आहे हे कुणी तोंडाने सांगायच्या आधी दगड सांगतो. ऑफेलियाला शोकाचा पोशाख चढवताना आधी लोखंडी सांगाडा घालतात. तो पोशाखकाराच्या हातचा, पण भिंतींच्याच भाषेतला.

‘किंग लियर’ (१९७१) येनेईचा अखेरचा चित्रपट. ‘हॅम्लेट’ला व्हेनिसमध्ये परीक्षकांचे विशेष पारितोषिक मिळाले, त्यामुळे त्याचीच चर्चा अधिक होते. मला मात्र ‘लियर’ हे कलादृष्ट्या वरचढ काम वाटते. एल्सिनोरमध्ये अजून राजवैभव आहे: पडदे, भरजरी कापड, नक्षी. लियरच्या राज्यात त्याने तेही काढून टाकले. दगडी वाटेवर लंगडत चाललेले भिकारी, नकाशा, शेकोटी आणि उघडे, झाडाविना माळरान, एवढ्यावर राजाचा आणि राज्याचा ऱ्हास पेलला आहे. वादळात लियर ज्या झोपडीत शिरतो, तिथे भिकाऱ्यांनी जागा आधीच व्यापलेली असते. राजाला दाटीवाटीने बसावे लागते. शेवटी गडच पेटतो. येनेईने उभे केलेले सारे चित्रपटाच्या आत, कथेची गरज म्हणून, आगीच्या स्वाधीन होते. ‘ओव्हरकोट’मधल्या कारकुनावर दगडी शहर वाकले होते; इथे राजाच्या डोक्यावर छप्परच उरत नाही, आणि त्या उघड्यावर पहिल्यांदा त्याला इतर माणसे दिसतात. पन्नास वर्षांपूर्वी कैदी म्हणून आलेल्या एका परक्याने हे रचले आहे, हे ठाऊक असले की ती दृश्ये पाहताना मला त्याच्या हाताचा आदर वाटल्याशिवाय राहत नाही.