चोचीपलीकडचे नाते : गॅलापागोसचा वटवट्या फिंच

दक्षिण अमेरिकेच्या पश्चिम किनाऱ्यापासून सुमारे १,००० किलोमीटर दूर, प्रशांत महासागरात विषुववृत्ताच्या आसपास विखुरलेला गॅलापागोस हा ज्वालामुखीजन्य द्वीपसमूह ‘डार्विनचे फिंच’ या नावाने ओळखल्या जाणाऱ्या पक्ष्यांमुळे उत्क्रांतिशास्त्रात अजरामर झाला आहे. या पक्ष्यांची चर्चा बहुधा कठीण बिया फोडणाऱ्या जाड चोचींभोवतीच फिरते. त्यामुळे त्यांच्यातील सर्वांत लहान, जेमतेम १० सेंटीमीटर लांबीचा आणि बारीक टोकदार चोचीने पानांवरील अळ्या, किडे व कोळी टिपणारा वटवट्या फिंच दुर्लक्षित राहतो. वास्तविक बाह्य रूपावरून सजीवांचे नाते ठरवू पाहणाऱ्या अभ्यासकांना या पक्ष्याने दोनदा, आणि तेही परस्परविरुद्ध दिशांनी, चकवले आहे.

पहिला चकवा खुद्द चार्ल्स डार्विनला बसला. १८३५ च्या सप्टेंबर-ऑक्टोबरमध्ये ‘बीगल’ जहाजावरून या बेटांवर आलेल्या डार्विनने पक्ष्यांचे नमुने गोळा केले, तेव्हा ही बारीक चोच पाहून हा पक्षी फिंचांच्या गटातला असेल अशी शंकाही त्याला आली नाही. नमुने लंडनला पोहोचल्यावर पक्षितज्ज्ञ जॉन गूल्ड याने १८३७ मध्ये त्यांची तपासणी केली आणि जाड चोचीचे बीजभक्षी व बारीक चोचीचा हा कीटकभक्षी एकाच निकटच्या कुलसमूहाचे घटक असल्याचे दाखवून दिले. डार्विनच्या प्रवासवृत्ताच्या १८४५ च्या आवृत्तीतील प्रसिद्ध चित्रात चार पक्ष्यांची डोकी चोचींच्या उतरत्या जाडीनुसार मांडलेली आहेत आणि त्यांतील शेवटचे डोके याच पक्ष्याचे आहे.

त्या चित्राचा क्रम मात्र वंशाचा क्रम समजण्याचा मोह टाळायला हवा. या साऱ्या पक्ष्यांचा पूर्वज मुख्य भूमीकडून आलेला असून, गवताचे बी टिपणारे, टॅनेजर कुळातील काही लहान पक्षी त्यांचे आजचे जवळचे नातलग आहेत. तेव्हा बीजभक्षी फिंच आधीचे आणि कीटकभक्षी वटवट्या सर्वांत अलीकडचा, असे वाटणे स्वाभाविक होते. १९९९ मध्ये प्रसिद्ध झालेल्या जनुकीय अभ्यासांनी हे चित्र उलटे केले, कारण वंशवृक्षाच्या बुडापाशी सर्वांत आधी फुटलेली फांदी वटवट्या फिंचांचीच निघाली. २०१५ मध्ये या गटातील पक्ष्यांच्या संपूर्ण जनुकसंचांची तुलना झाली, तेव्हा ही फारकत सुमारे ९ लाख वर्षांपूर्वीची असावी असा अंदाज पुढे आला. यावरून मूळ पूर्वजच कीटकभक्षी होता असे सिद्ध होत नाही. कीटकभक्षणाकडे वळलेली ही शाखा फार लवकर वेगळी झाली, एवढेच त्यातून निष्पन्न होते.

दुसरा चकवा पहिल्याच्या उलट होता. दिसायला जवळजवळ सारखे असणारे हे पक्षी दीर्घकाळ एकच जाती मानले गेले. परंतु जनुकीय पुराव्यावरून त्यांच्यात दोन जुन्या शाखा आढळल्या. इसाबेला, फर्नांदिना, सांतियागो, सांताक्रूझ अशा मोठ्या बेटांवर हिरवट वटवट्या फिंच, तर हेनोवेसा, एस्पान्योला, मार्चेना यांसारख्या बाहेरच्या बेटांवर करडा वटवट्या फिंच राहतो. संशोधक पीटर व रोझमेरी ग्रँट यांनी ध्वनिमुद्रित गाणी ऐकवून केलेल्या प्रयोगांत तर परक्या शाखेच्या गाण्यालाही नर आपल्याच जातीचे असल्याप्रमाणे प्रतिसाद देताना दिसले. याचा अर्थ असा की इतक्या दीर्घ ताटातुटीनंतरही एकमेकांना परके ठरवणारी खूण पुरती तयार झालेली नाही. बेटाबेटांवरील समूहांची जनुकीय जवळीक अंतरापेक्षा अधिवासाच्या साम्याशी अधिक निगडित असल्याचेही आढळल्याने, समुद्र हाच जातिनिर्मितीचा एकमेव कारागीर मानणे अपुरे ठरते.

या अभ्यासाला आज संरक्षणाच्या दृष्टीने वेगळे महत्त्व आले आहे. बाहेरून आलेल्या ‘फिलॉर्निस डाउन्सी’ या माशीच्या अळ्या घरट्यातील पिलांचे रक्त शोषतात. फिंचांच्या घरट्यांत त्या प्रथम १९९७ मध्ये आढळल्या, तरी १९६४ मध्ये जमवलेल्या कीटकसंग्रहातही ही माशी असल्याचे पुढे लक्षात आले. सांताक्रूझच्या दमट उंचवट्यावरील, सूर्यफुलाच्या कुळातील स्कॅलेशिया वृक्षांच्या जंगलात भारतातही मूळची असलेली म्हैसूर रास्पबेरी दाट जाळ्या करून माजली आहे. ती काढणे अपरिहार्य आहे. परंतु ती उपटल्याबरोबर रानाचा खालचा थर उघडा पडतो आणि तिथे भक्ष्य शोधणाऱ्या वटवट्याची तात्पुरती का होईना, कोंडी होऊ शकते. म्हणून हे काम विणीचा हंगाम टाळून व टप्प्याटप्प्याने करणे श्रेयस्कर ठरते.

फ्लोरेआना बेटावरील करडा वटवट्या फिंच तर आता नामशेष झाला आहे. बाह्य रूपावर विसंबून सर्व वटवट्यांची एकच जाती म्हणून गणना होत राहिली असती, तर ‘अन्य बेटांवर तो विपुल आहे’ या समाधानात या हानीची नोंदही किरकोळ ठरली असती. प्रत्येक बेटावरील समूह स्वतंत्रपणे मोजणे आणि त्याच्या विणीवर स्वतंत्रपणे लक्ष ठेवणे, हाच दोन चकव्यांतून निघालेला व्यावहारिक निष्कर्ष होय.