सासूबाईंचा पूर

लग्न होऊन खडकवासल्याला आले, तेव्हा माहेरच्या बायका म्हणायच्या, "मजा आहे बाई तुझी! दर रविवारी चौपाटी, भाजलेली कणसं आणि गरम कांदाभजी." धरण म्हणजे फिरायला जायची जागा, एवढंच माझ्या डोक्यात. सासूबाई मात्र एकदाही चौपाटीवर आल्या नाहीत.

१२ जुलै १९६१ला त्या अकरा वर्षांच्या होत्या. नारायण पेठेत, नदीजवळच्या वाड्यात राहायच्या. त्या सकाळी पानशेतचं अर्धवट बांधलेलं धरण फुटलं, त्या लोंढ्यानं आमचं खडकवासल्याचं जुनं धरणही फुटलं आणि नदीकाठच्या पेठा पाण्याखाली गेल्या. ही गोष्ट घरात आम्ही शंभरदा ऐकलेली. चिखलात सापडलेलं पितळी पातेलं, पुरानंतर पाण्यासाठी विहिरीवर लागलेल्या रांगा. नातवंडांना ती करमणूकच.

परवा आमच्या बचत गटात पुराची माहिती द्यायला एक साहेब आले. इतके हजार क्युसेक, तितके हजार क्युसेक. एक क्युसेक म्हणजे सेकंदाला साधारण २८ लिटर, मोठ्या दोन बादल्या, हेही त्यांनी समजावलं. बायका मान डोलवत होत्या, पण लक्ष घड्याळाकडे. मी पटकन म्हटलं, "आई, तुम्ही सांगा ना!"

त्या उठल्या आणि घरात कधीच न सांगितलेलं बोलल्या. "लोक ओरडत आले, पाणी येतंय, निघा. आमचे अण्णा म्हणाले, दरवर्षी ओंकारेश्वरापाशी येतं, पुढे येत नाही. आम्ही भात होईपर्यंत थांबलो. निघालो तेव्हा पाणी गुडघ्याला. शेजारच्या काकू दागिन्यांचा डबा आणायला परत फिरल्या. मातीचा वाडा, बसला. मी त्यांना 'जाऊ नका' म्हटलं नाही. मोठ्या माणसाला कसं सांगायचं?"

खोलीत चिडीचूप. मग एकीनं विचारलं, "निघायचं तर नेमकं कुठं?" दुसरी म्हणाली, "कागदपत्रं एका पिशवीत ठेवायला हवीत." आकड्यांनी जे झालं नव्हतं, ते काकूंच्या डब्यानं झालं.

पण त्या रात्री सासूबाई जेवल्या नाहीत. मला फार अपराधी वाटलं. चारचौघांत असा आग्रह करायला नको होता, आधी विचारायला हवं होतं. सकाळी त्याच म्हणाल्या, "पुन्हा बोलवलं तर सांगेन. पण काकूंवर शेवट नको. शेवटी काय करायचं ते सांगू. नाहीतर बायका नुसत्या रडून घरी जातात."

किती खरं! वाचलेल्या माणसाला स्टेजवर उभं करून टाळ्या घेणं सोपं असतं. त्याच्याकडून शिकायचं असेल, तर 'किती हाल झाले' यापेक्षा 'तेव्हा काय ठरवलं आणि कुठं चुकलं' हे विचारावं लागतं. इंडोनेशियातल्या सिमुलुए बेटावर १९०७मध्ये सुनामी आली होती. जमीन हादरून समुद्र मागे हटला की डोंगराकडे पळा, ही शिकवण तिथल्या आज्या नातवंडांना सांगत राहिल्या. २००४च्या सुनामीत सुमारे ७८ हजार वस्तीच्या त्या बेटावर मोजून सात माणसं गेली.

आपल्याकडेही २५ जुलै २०२४ला खडकवासल्यातून पाणी सोडल्यावर सिंहगड रस्त्यावरच्या एकतानगरीत घरांत पाणी शिरलं. सांगली-कोल्हापूरनं २०१९मध्ये पाहिलं, महाड-चिपळूणनं २०२१मध्ये. किल्लारीच्या भागातल्या बायकांनी तर १९९३मध्ये पहाटे झोपेतच भूकंप सोसला. म्हणजे मैत्रिणींनो, असं सांगणारं माणूस तुमच्याही घरात किंवा गल्लीत असणारच.

एखाद्या निवांत दुपारी त्यांच्याशेजारी बसा. सांगाल का, असं आधी विचारा. नको म्हणाल्या तर विषय सोडा. हो म्हणाल्या, तर काय वाहून गेलं ते ऐकाच, पण घरातून निघायला उशीर का झाला, हेही विचारा. आमच्या दाराजवळ आता कागदांची पिशवी टांगलेली असते. ती सासूबाईंनीच शिवली आहे.