चिकटलं, पण किती दिवस?

घर, पूल, भुयार : बांधकामामागचं विज्ञान – लेखांक 7

10 जुलै 2006. रात्रीचे अकरा वाजत आले होते. अमेरिकेतल्या बोस्टन शहरात एक जोडपं मोटारीतून विमानतळाकडे निघालं होतं. भुयारी रस्त्यात छताचा एक भाग त्यांच्या गाडीवर कोसळला. काँक्रीटच्या फरशा आणि त्यांना धरणारं लोखंड मिळून सुमारे 24 टन वजन होतं. पत्नीचा मृत्यू झाला, गाडी चालवणारा पती वाचला. तो रस्ता सुरू होऊन तेव्हा जेमतेम साडेतीन वर्षं झाली होती.

चौकशीत जे समोर आलं ते बांधकामाशी संबंध असलेल्या प्रत्येकाने लक्षात ठेवावं असं आहे. पोलाद तुटलं नव्हतं. वरच्या काँक्रीटला खालून भोकं पाडून, त्यांत एपॉक्सी (रेझिन आणि हार्डनर मिसळून घट्ट होणारं चिकटद्रव्य) भरून बोल्ट बसवले होते आणि त्या बोल्टांवर फरशा टांगल्या होत्या. हे बोल्ट भोकांतून कणाकणाने बाहेर सरकत आले आणि शेवटी निसटले.

त्या एपॉक्सीचे दोन प्रकार मिळत होते, एक नेहमीच्या वेगाने घट्ट होणारा आणि दुसरा झटपट घट्ट होणारा. वापरला गेला तो झटपट. बसवल्यानंतर बोल्ट प्रत्यक्ष वजनापेक्षा जास्त जोराने ओढून तपासले होते आणि ते पासही झाले होते. मग चूक कुठे झाली? ओढून पाहण्याची ती चाचणी काही मिनिटांची असते, छताचं वजन मात्र रात्रंदिवस लटकत राहतं. सततच्या ओझ्याखाली प्लास्टिकच्या जातीचे पदार्थ अगदी सावकाश ताणले जातात. अभियंते याला क्रीप म्हणतात. झटपट प्रकारात हा दोष फार मोठा होता. 1999 मध्ये, काम चालू असतानाच, त्याच प्रकल्पात काही बोल्ट खाली सरकलेले दिसले होते. ते बदलून काम पुढे नेलं गेलं, पण ते का सरकले याच्या मुळाशी कोणी गेलं नाही. या दुर्घटनेतली सर्वांत दुःखद गोष्ट हीच वाटते.

म्हणून काँक्रीटसाठी चिकटद्रव्य निवडताना ‘किती किलो धरेल?’ एवढं विचारून भागत नाही. ते वजन किती काळ, कोणत्या दिशेने आणि किती उष्णतेत धरायचं आहे, हेही विचारावं लागतं. वांद्रे-वरळी सागरी सेतूच्या काँक्रीटच्या तुकड्यांच्या सांध्यांतही एपॉक्सी आहे. पण तिथे आतल्या ताणलेल्या पोलादी केबल तुकड्यांना एकमेकांवर दाबून धरतात. एपॉक्सीचं काम फट बुजवण्याचं, पाणी अडवण्याचं आणि दाब सारखा पसरवण्याचं. पूल तिच्यावर टांगलेला नाही. बोस्टनमध्ये तसाच पदार्थ एकटाच ओझं पेलत होता.

उष्णतेचं भानही ठेवायला हवं. साध्या हवेत घट्ट झालेल्या बऱ्याच एपॉक्सी 50-60 अंश सेल्सिअसला मऊ पडू लागतात. विदर्भातल्या मे महिन्यात तापलेली गच्ची या आकड्याच्या जवळ जाते.

आता पृष्ठभागाकडे येऊ, कारण निम्मी कामं इथेच बिघडतात. चांगली एपॉक्सी काँक्रीटपेक्षा कितीतरी जास्त ताण सोसते. त्यामुळे जोड नीट झाला असेल तर ओढल्यावर काँक्रीटचा टवका सोबत निघून येतो. तो आला नाही, तर दोष बहुधा खालच्या थरात असतो. काँक्रीट ओतल्यावर पाणी आणि बारीक सिमेंट वर येऊन एक दुधाळ, कच्चा थर तयार होतो. चिकटद्रव्य त्याला धरतं आणि तो थर खालच्या काँक्रीटला सोडतो. हा थर घासून किंवा छिन्नीने काढलाच पाहिजे. भोकाचंही तसंच. ड्रिल मारल्यावर आत पिठासारखी धूळ बसते. हवा मारायची, तारेचा ब्रश फिरवायचा, पुन्हा हवा मारायची, आणि हे उत्पादकाने सांगितलं असेल तितक्या वेळा करायचं. भोकाच्या तोंडावर फुंकर मारणं म्हणजे सफाई नव्हे.

बाकी पदार्थांचे नियम वेगळे. विट्रिफाइड टाइल अर्ध्या टक्क्यापेक्षाही कमी पाणी शोषते, त्यामुळे नुसत्या सिमेंटच्या घोळाची तिच्यावर पकड बसत नाही. तिला पॉलिमर मिसळलेलं टाइल अ‍ॅडहेसिव्हच हवं. काचेसाठी सिलिकॉन उत्तम, मात्र व्हिनेगरसारखा आंबूस वास येणारं सिलिकॉन काँक्रीट किंवा संगमरवराजवळ नको. त्यातून सुटणारं आम्ल चुनखडीवर आणि सिमेंटवर परिणाम करतं. तिथे ‘न्यूट्रल’ प्रकार मागावा. सुताराचा पांढरा गोंद लाकडासाठी चांगला, पण ओल लागली की मऊ पडतो. पाण्याच्या काळ्या टाक्या ज्या पॉलिथिनच्या असतात, त्याला यांतलं जवळजवळ काहीच धरत नाही.

आणि एपॉक्सीत हार्डनर जास्त घातला की ती लवकर आणि जास्त घट्ट होते, ही समजूत सोडून द्यावी. रेझिन आणि हार्डनर ठरावीक प्रमाणातच एकमेकांशी जोडले जातात. उरलेला हार्डनर मोकळा राहतो आणि जोड कच्चा होतो.

बोस्टननंतर अमेरिकेने नियम कडक केले. 2011 च्या काँक्रीट संहितेत सततच्या ओढीसाठी चिकटवलेल्या बोल्टची पकड 55 टक्केच धरावी, अशी तरतूद आली. आडव्या किंवा वरच्या दिशेने बसवायच्या अशा बोल्टांसाठी कारागिराला प्रमाणपत्रही सक्तीचं झालं. तरी 2 डिसेंबर 2012 रोजी जपानमधल्या सासागो बोगद्यात छताच्या फरशा कोसळून नऊ जण दगावले. तिथले बोल्टही रेझिननेच बसवलेले होते, आणि बोगदा 1977 पासून वापरात होता.

आपल्याकडे जुन्या इमारतींच्या दुरुस्तीत केमिकल लावून गज बसवण्याचं काम आता सर्रास चालतं. तुमच्या सोसायटीत ते निघालं, तर कंत्राटदाराकडे उत्पादनाचं माहितीपत्रक मागा, सततच्या ओझ्यासाठी ते चालतं का हे त्यात लेखी पाहा आणि भोकं साफ होताना स्वतः उभे राहा. बोल्ट किंचित जरी सरकलेला दिसला, तर त्याखालची जागा रिकामी करून आधी कारण शोधायला लावा.